एका फोनवरचे नऊ जण

मंगळवार, १४ तारीख

प्रिय दादा,

नमस्कार. फोन उचलत नाहीस, म्हणून कागद हातात घेतला. पत्र फाडायलासुद्धा आधी पाकीट उघडावं लागतं, तेवढ्यावरच माझी भिस्त आहे.

मी बरी आहे. ऑफिसात नव्या खुर्च्या आल्यात, बसलं की पाठ धरते. वहिनीचा खोकला थांबला का? तिला सांग, माझा राग नाही. मला आईपेक्षा नोकरी मोठी, असं मागच्या वेळी ती बोलली ते खरंच होतं.

आई फोनवर म्हणते, "हात आता बरा आहे गं, तो व्यायाम काही लागत नाही." काल मुद्दाम विचारलं, ब्लाउजचे हूक कोण लावतं? तर म्हणे, "सूनबाई लावते, तिला हौस आहे." हौस! अर्धांगाचा झटका आल्यानंतर चार महिने हॉस्पिटलात खेटे घालून तिची बोटं जरा वळायला लागली होती. आपल्या गल्लीचा बसथांबा बंद झाल्यापासून पाच आठवडे ती घरात बसून आहे. तुझी शिफ्ट सकाळची, वहिनीची शाळा सकाळची. पुढच्या थांब्यापर्यंत तिला नेणार कोण?

पुढचा थांबा अ‍ॅपमध्ये आठ मिनिटांवर दाखवतात. कुणाच्या पायांनी, ते दाखवत नाहीत. माझं डोकं फिरतं ते इथेच. आमच्या बस-ऑफिसातल्या साहेबांचं सध्याचं खूळ म्हणजे 'वेगवान शहर'. थांबे कमी, बस सुसाट. भिंतभर पडद्यावर अख्खं शहर लावलंय, त्यावर थांब्यांचे हिरवे-लाल ठिपके; लाल म्हणजे प्रवासी कमी. साहेब लाल ठिपक्यावर बोट ठेवतात आणि म्हणतात, "हा काढा." तिथे कोण उभं असतं असं विचारलं, तर म्हणतात, "बाई, भावना नको, आकडा सांगा."

तू त्या दिवशी ओरडलास, "तुमच्या ऑफिसला आमची गल्ली दिसत नाही का?" मी म्हणाले, "आकड्यांवरून ठरतं रे, माझ्या हातात काय आहे?" ते अर्धंच खरं होतं. अर्धं कसलं, खोटंच होतं.

बसचं तिकीट फोनवरूनच काढायचं असा नियम झाला, तेव्हा आईला शिकवायचं काम माझ्याकडे आलं. दोनदा बसले, तिसऱ्यांदा तिच्यावर चिडले आणि थांब्यासमोरच्या शिंपीकाकांना म्हटलं, "काका, हिचं तिकीट तुम्हीच काढत जा." काका मशीन थांबवून तिकीट काढायचे आणि त्याचा नंबर कापडाच्या चिंधीवर लिहून तिच्या हातात द्यायचे. ड्रायव्हरही चिंधी बघून मान हलवायचा. मग निवृत्त मास्तर आले, कोपऱ्यावरच्या आजी आल्या. बघता बघता नऊ जण चिंध्या घेऊन बसमध्ये चढायला लागले. केवढी सोय केली म्हणून मी चारचौघांत मिरवत होते.

पण आमची मोजणी तिकिटं धरत नाही दादा, फोन धरते. एक फोन म्हणजे एक माणूस.

बैठकीत पडद्यावर आपला थांबा आला. रोजचे प्रवासी, एक. साहेब म्हणाले, "एका माणसासाठी बस थांबवायची? त्यापेक्षा त्याला टॅक्सी करून द्या की!" सगळे हसले. मीही हसले. तो 'एक' म्हणजे शिंपीकाकांचा फोन, हे त्या खोलीत फक्त मला माहीत होतं. त्या फोनच्या रांगेत आई आहे, हेही. त्याच आठवड्यात कायम करायच्या लोकांची यादी निघणार होती. सहा वर्षं कंत्राटावर काढलीत मी. मूग गिळून बसले.

तेवढंच असतं तरी तोंड दाखवायला जागा राहिली असती. अहवालाच्या तळाशी एक ओळ असते, 'प्रत्यक्ष जागेवर जाऊन पाहणी केली.' तिच्याखाली सही माझी आहे. मी गेले नव्हते. मनाची समजूत घातली, जिथे लहानाची मोठी झाले तिथे काय बघायचं? खरं कारण वेगळं आहे. गेले असते तर सकाळी आठला नऊ जण उभे दिसले असते, आणि मग सही झाली नसती.

यादीत माझं नाव आलं. आईला कळवलं तर म्हणाली, "पुन्हा एकदा सांग." मी पुन्हा सांगितलं.

हरकती शुक्रवारपर्यंतच घेणार आहेत. तुझी आली होती. 'आकड्यांशी जुळत नाही' असा शेरा मारून फाइलीत टाकली. आता सोबतचा कागद जोडून पुन्हा दे. पाहणी झालीच नाही, आणि त्या एका फोनमागे नऊ माणसं आहेत, असं मी त्यात माझ्या हाताने लिहिलंय. खाली नाव, हुद्दा, सही. यावर त्यांना थांबा उघडण्यावाचून गत्यंतर नाही. माझ्या नोकरीचं जे व्हायचं ते होईल. पत्र कुरियरने पाठवतेय, उद्या मिळेल.

मीच का देत नाही, असं विचारशील. तीनदा साहेबांच्या दारापर्यंत गेले. तिसऱ्यांदा आतही गेले आणि सुट्टीचा अर्ज देऊन बाहेर आले. माझा माझ्यावर भरवसा नाही. शुक्रवारच्या आत मी घरी येईन, रडेन, आईची शपथ घालेन आणि हा कागद परत मागेन. देऊ नकोस, दादा.

अजून तरी तुझीच,
धाकटी