मारवा घातलेला मसाला

१२ एप्रिल ९६, शुक्रवार

आज पुन्हा ओकली. सकाळी पेज, दुपारी वरणाचं पाणी — दोन्ही गेलं. सुनंदाला पाचवा लागला आणि वजन वाढायचं सोडून दोन किलो उतरलं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, तिला जे खावंसं वाटेल ते द्या, फक्त पडून राहू द्या, प्रवास नको, जिना नको.

मंदाची, माझ्या लेकीची, दोन पोरं धुळ्याला देवपुरात मला आजी म्हणतात. त्याचा आनंद आहेच. पण हे सुनेचं, आपल्या घरातलं! पाळणा आधी धुऊन ठेवू नये म्हणतात, म्हणून धुतला नाही. फक्त माळ्यावरून उतरवला. सुनंदाची ही तिसरी खेप. आधीची दोन पाचव्या-सहाव्यातच गेली. म्हणून मी दिवसातून दहा वेळा तिच्या तोंडाकडे बघते. तिला ते आवडत नाही, पण बोलत नाही.

काय खावंसं वाटतं विचारलं. काही नाही, काही नाही. मग हळूच म्हणाली, "अक्का, टाको."

मी म्हटलं, हे कुठल्या गावचं? तर अमेरिकेचं! फॅक्टरीने पंडितला, माझ्या लेकाला, वर्षभर तिकडे पाठवलं होतं, ही बरोबर होती. तेव्हा शेजारची एक मेक्सिकोची बाई करून द्यायची. मक्याची पातळ भाकरी दुमडायची, आत मसाल्याचं सारण. भाकरी माझ्या हातची कोणाला हार जात नाही. पण मसाला तिकडचा, पुडीतला. आणलेल्या पुड्या कधीच संपल्या. एक रिकामी पुडी तेवढी तिच्या कपाटात निघाली.

समोरची बेबाबाई म्हणते, डोहाळे पुरवले नाहीत तर पोराचे कान फुटतात. पंचवीस वर्षं सुईणपण केलंय तिने. आता झालं माझं — डोक्यात तेच.

१४ एप्रिल, रविवार

पुडीवरचं पंडितने वाचून दाखवलं. मिरची, जिरं, कांदा, लसूण, मीठ आणि कसलासा एक पाला. पाल्याचं नाव वाचताना त्याचीच जीभ अडकली. मी म्हटलं पाला राहू दे, बाकीचं तर आपलंच की! त्यात काय एवढं.

कढई ठेवली. कांदा तेलात काळा होईस्तोवर भाजला, खोबरं भाजलं, दगडफूल टाकलं. हात आपोआप डब्याकडे जातो. चाळीस वर्षं काळा मसाला करणारी बाई मी. घरभर वास सुटला. सुनंदा पदर नाकाला लावून मोरीकडे धावली.

पंडित म्हणाला, "अक्का, या मसाल्यात वांग्याची भाजी कर आता, मी खातो."

हसला मेला. मला रडू आलं. ती धावली, आणि धावायचं नाही म्हणून सांगितलंय!

१५ एप्रिल

कांदा-लसणाचे पातळ काप वर घराच्या धाब्यावर वाळत घातले. तेल नाही, भाजणं नाही. ऊन असं की हात पोळतो.

१७ एप्रिल, बुधवार

काप कडकडीत वाळले. खलबत्त्यात कुटले. मिरची रंगाची घेतली, तिखटाची नाही. जिरं नुसतं गरम केलं. चाळून सुनंदाच्या हातावर ठेवलं. तिने हुंगलं, म्हणाली जवळ आलाय अक्का, पण तो नाही. मग वाईट वाटू नये म्हणून म्हणाली, चालेल. चालेल म्हणजे काय? डोहाळ्याला चालेल चालत नाही.

रिकामी पुडी फाडून उलटी केली आणि दुपारभर हुंगत बसले. ओवा? नाही. तुळस? नाही. पण ओळखीचा वास! केसातला वास. लग्नात वेणीत असतो तो —

मारवा!

चप्पल घालून तशीच निघाले. बाजारात हारुन फुलवाला गजऱ्यात मारवा गुंफतो. त्याला म्हटलं, हारुनभाऊ, फुलं नको, नुसता मारवा दे, आणि पाणी मारलेला नको. तो म्हणाला, अक्का, या वयात कोणाची वेणी? मी म्हटलं, पोटातल्याची. त्याला काही कळलं नाही, पण दोन जुड्या जास्त टाकल्या.

१९ एप्रिल, शुक्रवार

खाल्लं!! तीन खाल्ले!

मारवा सावलीत वाळवला, चुरला, मसाल्यात घातला. चवळी शिजवून ठेचली, त्यात मसाला, वर कच्चा कोबी आणि टमाटा. मक्याची भाकरी तव्यावरून काढली की लगेच दुमडायची, नाहीतर मोडते. दोन मोडल्या. सुनंदाने पहिला घास घेतला आणि डोळे मिटले. मी पदर तोंडात धरून उभी. म्हणाली, "हाच. अक्का, हाच तो." ओठाला लागलेलं बोटाने पुसून खाल्लं. ओकली नाही. संध्याकाळपर्यंत नाही!

फुलवाल्याकडचं पान अमेरिकेच्या पुडीत! माझ्या नाकाने शोधलं. पंडितला दहादा सांगितलं. तो म्हणाला, आता नाकाचा विमा काढू.

२० एप्रिल, शनिवार, अक्षय्य तृतीया — आमची आखाजी

सकाळी किती आनंद. मंदा पोरांना घेऊन आली. झोका बांधला. आखाजीला लेकी माहेरी जातात; सुनंदाला मुक्ताईनगरला जाता आलं नाही, म्हणून तिचं तोंड उतरलं होतं. मी म्हटलं, तुझं माहेर मी आज दुमडून आणते. दोन टाको खाल्ले तिने. मंदाच्या पोरांनी सहा.

मग बेबाबाई आली पुरणपोळी घेऊन. सुपात मारवा दिसला. "हाई काय शे व अक्का?" मी फुशारकीने सगळं सांगितलं. तिचा हात थांबला. "मारवा कोणी खास का व? आन् तेबी पोटुशीले?"

मग मला मागच्या ओट्यावर नेऊन सांगितलं. तिची सासू पण सुईण होती. नको असलेलं मोकळं करायला ती बायकांना मारव्याचा काढा पाजायची. बेबाबाईने डोळ्यांनी बघितलंय.

पाच खाल्लेत तिने.

आत पोरं झोक्यावर ओरडत होती आणि मी पुरणपोळी हातात धरून तशीच.

२१ एप्रिल, रविवार

सगळा मसाला उकिरड्यावर टाकला. डबा राखेने तीनदा घासला. सुनंदाने दुपारी मागितला. खोटं बोलले, म्हटलं संपला. म्हणाली उद्या कराल का? हो म्हटलं. काय करू?

तिला सांगू? घाबरेल, घाबरून काही झालं तर? पंडितला सांगू? तो मला काही बोलणार नाही, तेच नको.

एक गोष्ट कोणाला सांगितलेली नाही, इथे लिहिते. पहिलं गेलं तेव्हा, सहा वर्षांपूर्वी, चार बायका बघायला आल्या होत्या. मी त्यांच्यासमोर म्हणाले, पपई खाल्ली ना हिने, तोंडाला आवर नाही. ती पलंगावर होती. ऐकत होती. नुसतं हो म्हणाली. दुसऱ्या वेळीही कोणी विचारलं की मी तेच — हिचं खाणंपिणं बघायला हवं होतं. त्यानंतर घरात पपई आली नाही. तिच्यासमोर फणससुद्धा कापला तरी ती उठून जायची.

आता खाऊ घालणारी मी आहे. आता कोण म्हणणार, आणि कोणाला?

२२ एप्रिल

ओटीपोटात दुखतंय म्हणाली. आई मुक्ताबाई, माझं काय ते कर, तिचं नको.

२३ एप्रिल, मंगळवार

रात्रभर कळ येत-जात होती. सकाळी सावकाश रिक्षाने दवाखान्यात नेलं. पंडित पुढे बसला. प्रत्येक खड्ड्याला मी तिच्या पोटाखाली हात धरत होते, जसं काही माझ्या हाताने थांबणार होतं.

डॉक्टरीणबाईंनी आत नेलं. अर्धा तास. पंडितला औषध आणायला पाठवलं तेव्हा मी आत शिरले आणि उभ्यानेच सगळं सांगितलं. मारवा, काढा, पाच टाको. म्हटलं पोलिसात द्यायचं तर द्या.

बाई हसल्या नाहीत, हे त्यांचं मोठेपण. म्हणाल्या, काढा करून पाजू नका, पण चिमूटभर पान स्वयंपाकात घातल्याने काही होत नाही. बाळाचे ठोके छान आहेत. महिनाभर पोटात काही टिकत नव्हतं आणि एकदम चवळी, वर कच्चा कोबी — गॅस धरणार नाही तर काय? कोबी बंद करा, मसाला चालू द्या.

मी खुर्चीत बसले. मग कसं कोण जाणे, तोंडातून गेलं — मग पहिल्या वेळी ती पपई?

"कसली पपई?" बाई म्हणाल्या. "आजी, ती दोन्ही खाण्याने गेली नाहीत. तिच्या पिशवीचं तोंड वेळेआधी उघडतं. म्हणून तर या वेळी तिसऱ्या महिन्यात शिवून घेतलं. तुम्हाला घरी सांगितलं नाही?"

नाही. छोटं ऑपरेशन एवढंच सांगितलं होतं. मला का सांगतील?

२४ एप्रिल

दुखणं थांबलं. कळण्याची, ज्वारी-उडदाची, मऊ भाकरी खाल्ली तिने. बेबाबाईला डॉक्टरांचं सांगितलं. ती म्हणाली, डॉक्टरला काय कळतं, पण बरं झालं.

हारुनकडून पुन्हा मारवा आणला. मसाला कुटताना तीनदा म्हटलं, आता जाऊन बोलावं. सुनेपुढे काय म्हणायचं असतं? आमच्या सासूने कधी काही म्हटलं नाही, त्यामुळे शब्दच माहीत नाहीत.

२५ एप्रिल

बोलले नाही. टाको दिला, बिनकोबीचा. दोन खाल्ले.

२६ एप्रिल, शुक्रवार

आज बोलले. ती जेवत होती. म्हटलं, सुनंदा, पपईने नव्हतं गेलं. मी चुकले.

तिने घास खाली ठेवला. मग म्हणाली, "अक्का, मी पपई खाल्लीच नव्हती. तुम्ही चौघींसमोर म्हणालात, म्हणून मी हो म्हटलं."