आईचं काम मला जमलं नाही

फ्रीमाँट, मंगळवार

चि. द्वारकेस आक्काचा आशीर्वाद.

माझे गुडघे आहेत तसेच. तुझी साखर किती आली ते खरं कळव.

माझ्या नातीचं, उर्मीचं, विचारलंस. लंडनला जन्मली, तिथे नाटकं केली, व्हायोलिन वाजवून पोट भरलं, तोवर बरी होती. अमेरिकेत चार वर्षांत दोनदा टीव्हीवर दिसली, दोन्ही वेळा मेलेलीच. आता इथेच मामाकडे, आपल्या गुरुनाथकडे, माझ्यासोबत राहते.

इथे काम मागायला घरीच मोबाइलवर सीन करून पाठवतात. परवा तिने सीनमधल्या आईचं बोलायला मला समोर बसवलं. मुलगी विचारते, मी हरले, घरी येऊ का? आईने नाही म्हणायचं.

"आजी, फक्त नो म्हण. एकदम कडक."

"मला कडक शिकवतेस?" म्हटलं.

पण तिने असं काही विचारलं की माझ्या तोंडून गेलं, "ये की गं." मग पोरगी रडायला लागली ती थांबेचना. पुन्हा केलं तेव्हा मी नो म्हटलं. तेच पाठवलं. हे काम नाही मिळालं तर सगळं सोडते म्हणाली होती.

काल नकार आला. तिने व्हायोलिन गराजमध्ये नेऊन ठेवलं. थंडीने खराब होईल म्हटलं, तर म्हणे, "इट्स फाइन, आजी."

तिच्या आईचा तुला फोन आला तर सांग, पोरगी जेवते, खाते, काम चालू आहे. मी तेच सांगितलंय. आपल्या दोघींचं बोलणं जुळायला हवं.

तुझी,
आक्का