नववी फेरी

नागपूर
१२ नोव्हेंबर २०२४

चि. रोशनीस,
शामलाआत्याचा जय भीम आणि अनेक आशीर्वाद.

पोरी, आधी खाली बस, मग पुढचं वाच. तुझे बाबा आज सकाळी गेले. कळमन्याच्या बाजारात सोयाबीनचं माप करता करता छातीत दुखलं म्हणून पोत्यावर टेकले. सोबतच्या ताराचंदनं ऑटोत घातलं, पण दवाखाना यायच्या आत माझा प्रेमानंद गेला.

गुरुवारी तुझी शर्यत होईपर्यंत तुले काही सांगायचं नाही, असं घरात ठरलं. तुझी आई म्हणाली, बारा वर्षं पोरीनं पाण्यात घातली, दोन दिवसांसाठी काहून वाया घालवता? तुझे पोहण्याचे सरही बँकॉकहून तेच म्हणाले म्हणे.

मी मात्र लिहून राहिली. सहा वर्षांची असताना तापात माझे कान गेले. तेव्हापासून शामलाले काय सांगायचं अन् काय नाही, हे दुसरेच ठरवतात. माझी आई दोन महिने आजारी होती, ते मले तिच्या मयतीच्या दिवशी कळलं. तसं मी तुझ्यासंगं करणार नाही. पोहायचं की परतायचं, तू ठरव. कोणी तुले बोलणार नाही. मले बोलले तर मले तसंही ऐकू येत नाही.

अंत्ययात्रा आज संध्याकाळीच आहे, तुझ्यानं पोचणं होणार नाही. हा कागद नेहमीसारखा फोटो काढून मोबाइलवर पाठवते. जेवून घे वं.

माया आहे ती आहेच.
तुझी आत्या

---

बँकॉक
१५ नोव्हेंबर २०२४

ती. शामलाआत्यास,
सविनय जय भीम. वि. वि.

तुझं पत्र मिळालं. मी पोहले. का, ते विचारू नकोस, मला माहीत नाही. त्या दिवशी जेवले, झोपले, सकाळी सरावालाही गेले. कोणाला काही सांगितलं नाही. सर माझ्याकडे बघत होते, पण तेही बोलले नाहीत.

काल चारशे मीटर फ्रीस्टाइलची अंतिम शर्यत झाली. तुला ठाऊक आहे, आठ फेऱ्या. इतक्या वर्षांत मी कधी मोजल्या नाहीत, अंगच मोजतं. काल अंगाने मोजलं नाही. आठवी फेरी संपली तिथे भिंतीला हात लावून थांबायचं, तर मी कोलांटी मारली, पायाने भिंत ढकलली आणि पुढे निघाले. नववी फेरी अर्धी झाली तेव्हा बाजूच्या लेनमध्ये कोणीच नाही हे दिसलं. पलीकडच्या काठावर एक पंच वाकून हात हलवत होते. लोक हसत होते, टाळ्याही वाजवत होते.

फ्रीस्टाइलमध्ये पायाचा स्पर्शही धरतात, म्हणून वेळ नोंदली गेली. चौथी आले. सर म्हणाले, हात लावून थांबली असतीस तर कांस्य नक्की होतं. मी बरं म्हणाले. चिन्मयी, माझ्या खोलीतली मुलगी, माझ्यासाठी रडली. मला रडू आलं नाही. अजूनही येत नाही. आत्या, हे बरोबर नाही ना?

रविवारी रात्री घरी पोचते. आईला सांभाळ.

तुझी,
रोशनी

---

नागपूर
१६ नोव्हेंबर २०२४

चि. रोशनीस,
जय भीम आणि आशीर्वाद.

पत्र चार वेळा वाचलं. तुझं पदक माझ्या कागदानं गेलं. त्यावर पांघरूण घालणार नाही. तुझ्या आईले कळलं तेव्हा तिनं माझ्यासमोरचा चहा उचलून नेला. तिनं कालपासून माझ्यासाठी पाटीवर एक अक्षर लिहिलं नाही. तिचा राग खरा आहे.

रडू येत नाही तर नको रडू. मलेही आलं नाही. मी काल दिवसभर प्रेमानंदाच्या सदऱ्यांच्या गुंड्या शिवत बसली. आता कोण घालणार आहे ते?

गुरुवारी प्रेमानंदाचा जलदानविधी आहे. भन्तेजी अकराला येतील. पांढरी साडी तुझ्यासाठी काढून ठेवली. विमानतळावर ताराचंद येईल.

माझ्यावर रागावायचं असेल तर घरी येऊन रागाव, पण तोंड माझ्याकडे करून. पाठ फिरवली तर ओठ दिसत नाहीत मले.

तुझी अपराधी,
आत्या

---

पुणे
९ जानेवारी २०२५

ती. शामलाआत्यास,
सविनय जय भीम. वि. वि.

घरी होते तेव्हा तुझ्याशी नीट बोलणं झालं नाही, त्याचा राग धरू नकोस. मी कोणाशीच बोलत नव्हते. आईशी मात्र निघायच्या दिवशी बोलले. तिला म्हटलं, पदक घेऊन मी हसत दारात आले असते, आणि मग तुम्ही मला सांगितलं असतं. त्यानंतर मी तुमच्यावर कधी विश्वास ठेवला असता का? काल तिने फोनवर सांगितलं, की तू रविवारी तिच्याकडे जेवलीस आणि भाजीत मीठ कमी असल्याचं पाटीवर लिहून दाखवलंस. म्हणजे तुमचं जमलं म्हणायचं.

इथे शिबिरात सगळं यंत्रासारखं चाललं होतं. सकाळ-संध्याकाळ पोहायचं, वेळ बरी यायची, वहीत लिहायची. सर खूश होते. मला त्याचं काही वाटत नव्हतं. पोहणं सोडते, असं सांगायचंही मी ठरवलं होतं.

आज सकाळी साडेपाचला उडी मारली आणि पाणी थंड लागलं. इतकं थंड, की मी ओरडले. दीड महिना रोज ह्याच वेळी उतरत होते आत्या, आणि एकदाही लागलं नव्हतं. काठाला धरून उभी राहिले, आणि मग जे सुरू झालं ते थांबेना. सरांनी सगळ्या मुलींना बाहेर काढलं आणि स्वतः पाठ फिरवून उभे राहिले.

अर्ध्या तासाने त्यांनी विचारलं, आज राहू द्यायचं का? मी नाही म्हणाले.

चारशे मीटर पोहले. आठ मोजून.

तुझी,
रोशनी