सगळ्यांचं वय अठरा

आई, टॅबवर अठरा हा आकडा टाकून मी पुढच्या प्रश्नाकडे वळत होते, तेवढ्यात त्या बाईनं माझं मनगट धरलं. तुझं घड्याळ असतं ते मनगट. एम. ए. ला नाव घातलं तेव्हा तू ते स्वतःच्या हातातून काढून मला दिलं होतंस, नाडी मोजायचं, लांब सेकंदकाट्याचं. त्याचा पट्टा मी तीनदा बदलला, काच एकदा. "हे सिस्टरबाईंचं घड्याळ," ती म्हणाली. मी हो म्हणाले. तुम्ही त्यांच्या कोण, असं तिनं विचारलं नाही. तोंडावरून तिला कळलं असावं. तिनं उठून दार लोटलं, परत येऊन बसली आणि म्हणाली, "मग ते अठरा पुसा, ताई."

तुला नीट सांगायला हवं, कारण मी आता काय काम करते ते तुला माहीत नाही. तू गेलीस तेव्हा मी कॉलेजात तासिका तत्त्वावर मराठी शिकवत होते. ते सुटलं. आता आरोग्याच्या सर्वेक्षणात आहे, पर्यवेक्षक म्हणून. पाच मुली माझ्या हाताखाली घरोघर जातात, बायकांना प्रश्न विचारतात, मी त्यांचं काम तपासते. लेकरं किती, घरात पाणी कुठून येतं, चूल की गॅस. बऱ्याच प्रश्नांनंतर एक प्रश्न येतो: पहिल्यांदा शरीरसंबंध आला तेव्हा तुमचं वय किती होतं. असं छापलेलं कुणी वाचत नाही. मुली आवाज खाली आणतात आणि विचारतात, नांदायला आलात तेव्हा किती वर्षांच्या होतात. बायका वर्षं सांगत नाहीत. कुणी म्हणते, धाकटा दीर पाळण्यात होता. कुणी म्हणते, कपिलधारच्या यात्रेला नेलं होतं त्या साली. मग दीर आता केवढा आहे, ते विचारून मागे मोजत यायचं. हे मोजणं मला जमतं. आमच्या कामात तेवढीच एक गोष्ट आहे जी मला आवडते.

नांदूरघाटच्या पलीकडचं हे गाव माझ्या एका नव्या मुलीकडे होतं. तिचे सगळे फॉर्म परत आले. चाळीस बायका, आणि त्या प्रश्नाला चाळीसही जणींचं उत्तर अठरा. ऑफिसला वाटलं पोरगी झाडाखाली बसून फॉर्म भरते. ती माझ्यासमोर रडली. म्हणाली, मॅडम, मी प्रत्येकीला विचारलं, त्यांनी विचार न करता सांगितलं, नाव सांगावं तसं. म्हणून मी स्वतः आले, पुन्हा विचारायला. गावाचं नाव यादीत पाहिलं तेव्हाच मला कळायला हवं होतं. तू सिस्टर होतीस त्या उपकेंद्राचं गाव.

पुण्याच्या प्रशिक्षणात त्यांनी आम्हाला एक तक्ता दाखवला होता. एका बाजूला देशांची नावं, समोर वयं. काही ठिकाणी हे वय लग्नाच्या कितीतरी आधी येतं, काही ठिकाणी लग्नाच्याच दिवशी, जणू दोन्ही एकच गोष्ट आहे. काही ठिकाणी बाप्यांचं वय आणि बायकांचं वय यांत इतकं अंतर की ते एकाच गावात राहतात यावर विश्वास बसू नये. शिकवणाऱ्या बाई म्हणाल्या, आकडे माणसांसारखेच असतात, लोकांत वेगळे आणि एकटे वेगळे. हे मला नंतर कडा गावी पटलं. तिथे आमच्या पुरुषांच्या टीममधल्या मुलानं एका चोवीस वर्षांच्या ट्रॅक्टरवाल्याला हाच प्रश्न विचारला, तर तो म्हणाला, "बे, ह्या दोस्तासमोर सांगू का खरं सांगू?" सगळे हसले. मीही हसले. बायकांकडे तसं काही नसतं. त्यांच्याकडे अठरा असतं.

तुझी वही मी दहावीत असताना पाहिली होती. तू स्वयंपाकघरात पाटावर बसून लिहायचीस, भाकरी तव्यावर टाकली की एक ओळ, उलटली की दुसरी. पिठाची बोटं पदराला पुसून पान उलटायचीस. सरकारी रजिस्टर वेगळं, ते उपकेंद्रात राहायचं. ही साधी दोनशे पानी वही. प्रत्येक नावापुढे निळ्या शाईनं अठरा किंवा एकोणीस, आणि पुष्कळींच्या शेजारी लाल शाईनं दुसरा आकडा, नेहमी लहान. मी विचारलं, हे लाल काय. तू वही माझ्या हातातून काढून घेतलीस. "ती खाली ठेव. त्यात वाचण्यासारखं काही नाही." ओरडली नाहीस. भाकरी मात्र करपली, आणि ती तू स्वतःच्या ताटात घेतलीस. मला वाटलं लाल आकडा म्हणजे काही आजार असेल. पुष्कळ वर्षं मला तसंच वाटत होतं.

लाल आकडा काय ते त्या बाईनं मला सांगितलं. ती चव्वेचाळीस वर्षांची आहे. नांदायला आली आणि वर्षाच्या आत तुझ्या टेबलासमोर उभी राहिली. तू दार लावून तिला खरं वय विचारलंस, सासूला बाहेर थांबवून. तिनं सांगितलं. तू तोंडातून काही काढलं नाहीस, लिहून घेतलंस. मग म्हणालीस, कुणी विचारलं तर अठरा सांगायचं. बीडच्या डॉक्टरांनी विचारलं तरी, पोलिसांनी विचारलं तरी. तिच्याकडून तीनदा म्हणवून घेतलंस. नववा महिना लागण्याआधी तू स्वतः जीपमध्ये बसून तिला बीडला घेऊन गेलीस. ती म्हणाली, लाल शाईच्या सगळ्यांना सिस्टरबाई असंच न्यायच्या, निळ्यावाल्या गावातच बाळंत व्हायच्या. तुला खरं वय हवं होतं ते कमरेची हाडं अजून कोवळी आहेत का, मूल अडेल का, हे कळायला. खोटं वय हवं होतं, कारण नाहीतर गुन्हा दाखल होईल या धास्तीनं सासवांनी सुनांना उपकेंद्रात आणायचंच बंद केलं असतं. मी हे सगळं समजू शकते. तिथे बसून मी ते समजून घेतलं, आणि तरी मला थकल्यासारखं झालं.

"त्यांच्यामुळं मी जित्ती हाय," ती म्हणाली. "पर त्या अठरानं मला मुकी केली." मग तिनं सांगितलं. तिची धाकटी लेक सोळा संपून सतरावं लागलेली आहे. तिच्यासाठी बघितलेला मुलगा शेजारच्या गावचा आहे, ऊसतोडीला जातो. मुकादम एकट्याला घेत नाही, नवराबायकोची जोडी लागते, जोडीलाच एक कोयता म्हणतात. दसऱ्यानंतर टोळी निघायची, म्हणून लग्न त्याच्या आत. नवऱ्यानं होकार कळवला आहे. ती नको म्हणते. पोरगी लहान आहे, मला माहीत आहे ते काय असतं, असं ती त्याला म्हणाली. तर नवरा म्हणाला, तू अठराला आलतीस, तुला काय माहीत. आणि वाईट हे, की तो चेष्टा करत नव्हता. लग्नात तो स्वतः पोरगेला होता, कुणाचंच वय त्याच्या ध्यानात नाही. तीस वर्षं त्यानं तिच्या तोंडून अठराच ऐकलं आहे. लेकही तेच म्हणते. माय, तूपण एवढीच होतीस की, तुझं झालं ना चांगलं.

"खरं सांगून बघितलं नाही का?" मी विचारलं.

"सांगितलं की. म्हणला, पोरीला ठेवून घ्यायसाठी वय कमी करायलीस. आता माझ्यावर इस्वास कावून ठेवावा त्यानं? सिस्टरबाईंवर व्हता. त्यांच्या वहीत लाल शाईनं हाय माझं. ती वही तुमच्याकडं असंल तर त्यांना वाचून दाखवा. बस एवढंच."

आई, आम्हाला नियम आहे. कुणाचं उत्तर कुणाला सांगायचं नाही, त्याच घरातल्या माणसाला तर मुळीच नाही. मी हे प्रत्येक तुकडीला शिकवते. मी तिला म्हणाले, बघते. अठरा पुसलं आणि तिनं सांगितलेला आकडा टाकला. तो मी इथे लिहीत नाही, तो तिनं फॉर्मसाठी दिला. जाताना लेक दारात भेटली. तिनं मला पाण्याचा तांब्या दिला आणि टॅबकडे बघून विचारलं, यात गेम असतात का. मी नाही म्हणाले. तिला ते खरं वाटलं नसावं.

घरी येऊन तुझी पत्र्याची पेटी काढली. वही तळाशी होती, तुझ्या पांढऱ्या साडीच्या घडीत. ती बाई आहे, सत्तेचाळिसाव्या पानावर. निळं अठरा, लाल आकडा, आणि समोर तुझ्या अक्षरात: बीड, सिझर, दोघं ठीक. नंतर मी संध्याकाळभर पानं उलटत राहिले. एवढी लाल शाई. काहींच्या समोर 'दोघं ठीक' नाही. काहींच्या समोर फक्त तारीख. तू त्यांना वाचवण्यासाठी अठरा शिकवलंस आणि त्या वाचल्या, आणि मग त्यांच्या लेकींना सांगण्यासारखं त्यांच्याकडे काही उरलं नाही. हे तुला दिसलं नसेल. तुझ्यासमोर रोज एक पोट असायचं, महिने भरत आलेलं. मी तुझ्या जागी असते तर अठराच लिहिलं असतं. तरी चाळीस बायका एकाच आवाजात तुझं वाक्य म्हणतात, आणि ऑफिस माझ्या हाताखालच्या पोरीला खोटारडी म्हणतं, तेव्हा मला तुझ्याशी भांडावंसं वाटतं. भांडायला तू नाहीस. वयानं मी आता तुझ्याजवळ आले आहे, गुडघेही तुझ्यासारखेच दुखतात.

वहीचं पहिलं पान मी शेवटी पाहिलं. त्यावर एकच नाव आहे, तुझं, माहेरच्या आडनावासकट. निळं अठरा. शेजारी लाल. मला तू नेहमी अठरा सांगितलंस. शाळेच्या फॉर्मवर, मामाच्या घरी, बाबा गेल्यावर. तो लाल आकडाही मी इथे लिहीत नाही. पण आता मला कळतं की तू बायकांना दार लावूनच का विचारायचीस, आणि ऐकल्यावर काही बोलायची का नाहीस.

तू मला कधी विचारलं नाहीस. विद्यापीठातून सुट्टीत आले की माझ्याकडे एकदा बघायचीस, डोक्यापासून पायापर्यंत, पेशंटकडे बघतात तसं, आणि ताट वाढायचीस. पुण्याला प्रशिक्षणात आम्ही सरावासाठी एकमेकींना प्रश्न विचारले. त्या प्रश्नाला मी सव्वीस म्हणाले, लग्नाचं वय. समोरच्या बाईनं लिहून घेतलं. ते खरं नाही. मी बावीस वर्षांची होते, लग्न झालेलं नव्हतं, कुणी जबरदस्ती केली नव्हती, तो माझ्या वर्गातला होता आणि पुढे त्याचं दुसरीकडे लग्न झालं. त्यात भिण्यासारखं काही नव्हतं. तरी मी सव्वीस म्हणाले, विचार न करता, नाव सांगावं तसं. शिकवणाऱ्या बाईंना ते कळलं असतं तर त्यांनी मला फील्डवर पाठवलं नसतं. तेवढं एक तुला सांगायचं होतं. पत्र कुठे पाठवायचं हा प्रश्न नाही, ते वहीत ठेवते, तुझ्या पानाशी.

पेटी काढली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी साडेसहाच्या एसटीनं त्या बाईकडे गेले. टॅब घरी ठेवला, वही पिशवीत. बाईनं नवऱ्याला आत बोलावलं, तो हात न धुताच आला, हाताला वैरणीचा भुसा होता. मी सत्तेचाळिसावं पान वाचलं, नाव, दोन्ही आकडे, बीड, सिझर. त्यानं वही मागितली नाही. अक्षर लांबूनच बघितलं आणि उठून गोठ्याकडे गेला. थोड्या वेळानं तो फोनवर बोलताना ऐकू आलं: "औंदा न्हाई जमायचं. न्हाई, औंदा न्हाई." पुढच्या सालाचं काही बोलला नाही. लेक चुलीपाशी उभी होती. "माय, तू तर अठरा म्हणायचीस," ती म्हणाली.

"म्हणत हुते," बाई म्हणाली, आणि माझ्यापुढे चहा ठेवला.