आकेंची हाक

७ ऑक्टोबर

उघडत नाही! टिचकी मारली की पडदा काळा होतो, वाटतं आता कुरण दिसणार — आणि सगळं मिटून पुन्हा मी विकायला केलेल्या लोकरी नमद्याच्या सपातांचे फोटो समोर. सकाळपासून हेच चाललंय. कॉम्प्युटर बंद करून चालू केला, वायरी उपसून परत खोचल्या, शेवटी त्याच्या पाठीत एक धपाटाही घातला. आके रेडिओला घालायचे तसा.

सासूबाई दारातच उभ्या. "दिसले का गं?"

खेळ चालला का, असं नाही. दिसले का! काय सांगणार? म्हटलं, आपा, उद्या बघते.

८ ऑक्टोबर

नीट लिहूनच काढते, म्हणजे डोकं ठिकाणावर राहील.

आके म्हणजे सासरे. त्यांचे गुडघे गेले आणि रिकिबीत पाय घालणं संपलं. सगळा जन्म खोगिरावर काढलेला माणूस खिडकीशी बसून दुसऱ्यांच्या घोड्यांना नावं ठेवायला लागला. हा लंगडा, तो आळशी, त्याचं पोट बघा! तेव्हा माझ्या नवऱ्याने, कुबातने, त्यांच्यासाठी हा कॉम्प्युटर घेतला आणि त्यात हा खेळ घालून दिला. कुरण, ओढा, डोंगर, आणि एक आपला घोडा. हाक मारली की तो येतो. ती हाक आपल्याच आवाजात भरून ठेवायची. आकेंनी ती दार लावून भरली, आणि खेळायचे ते कायम कानाला हेडफोन लावून. घोड्याचं नाव काय ठेवलंत, असं कुबातने विचारलं तर म्हणाले, "घोड्याचं नाव घोड्याला माहीत. तुला काय करायचंय?"

मागच्या हिवाळ्याच्या तोंडाशी गेले. फोन पुढे केला की तोंड फिरवायचे, त्यामुळे चालतं-बोलतं असं काही आमच्याकडे नाही. कुबातच्या जुन्या फोनमध्ये थोडं होतं, पण तो मॉस्कोला कामाला गेला आणि तिथल्या मेट्रोत फोन हरवला. आकेंचा आवाज आता जगात एकाच जागी उरलाय — आणि ती जागा उघडत नाही. महिनाअखेरीला वर्षाचं जेवण आहे. त्याआधी आपांना तो एकदा ऐकायचाय. दुसरं काही मागत नाहीत.

११ ऑक्टोबर, शुक्रवार

बोर्सोक तळले, कणकेचे फुगणारे तुकडे. तेलाचा वास गेलेल्यांना पोचतो म्हणतात. आपा कढईशी बसल्या की बोलायला लागतात.

"वास त्यांना पोचतो. मला काय पोचतं?"

मी पुढची पोळी लाटायला घेतली.

"माणूस वाईट नव्हता हो. पण माझं नाव काय, हे त्यांना शेवटपर्यंत ठाऊक होतं की नाही, देव जाणे! 'ए' म्हणायचे. फार लाडात आले तर 'अगं म्हातारे'. विशीची होते तेव्हापासून म्हातारी मी!"

इतक्या हसल्या की झारा हातातून सुटला. मग डोळे पुसले आणि धुराला शिव्या घातल्या. धूर कुठला? गॅस आहे आमच्याकडे.

१३ ऑक्टोबर

कुबातचा फोन. एका हातात फोन, दुसऱ्या हातात माउस, तो तिकडून सांगतो आणि मी इकडे करते. खिडकी लहान करून बघ — नाही. विषाणू पकडणारा प्रोग्रॅम बंद कर — नाही. पडद्याचा ड्रायव्हर नवा घाल. दुपार त्यात गेली, पडदा आधीपेक्षा झकास दिसायला लागला, खेळ मात्र आपला काळा होऊन मिटतोय.

"पेरिझात, तुझा आवाज थकलाय," तो म्हणाला.

एवढंच ऐकलं आणि मला रडू फुटलं. मेला तिथून दिसत नाही, हात लावता येत नाही, पण आवाज बरोबर ओळखतो! फोन ठेवल्यावर कळलं आपा काय मागतायत ते. माझा माणूस दूर आहे तरी माझ्या कानात बोलतो. त्यांचा कुठेच नाही.

१५ ऑक्टोबर

आज देवानंच वाचवलं! इंटरनेटवर कुणी लिहिलं होतं: खेळ पूर्ण काढून टाका, नव्यानं घाला, हमखास चालतो. मी काढायलाही घेतला. "सोबतच्या सर्व नोंदीही पुसायच्या का?" अशी चौकट आली. 'हो'वर बाण नेला, आणि काय वाटलं कोण जाणे, कुबातला विचारलं.

तो ओरडलाच. "हात काढ! हात काढ म्हणतो ना! नोंदी म्हणजेच आके!"

हात असा काढला जणू तव्यावर पडला होता.

१८ ऑक्टोबर

कुबातला रजा नाही. वर्षाच्या जेवणाला येणार नाही. आपांना सांगितलं तर म्हणाल्या, "बरं." आणि सफरचंदं निवडत बसल्या. चांगली-किडकी सगळी एकाच टोपलीत टाकत होत्या.

मलाही त्याची इतकी वाट पाहायची सवय झालीय की न येणाराचीही पाहते. काल त्याचा जाड स्वेटर धुऊन ठेवला होता. ठेवला, परत कपाटात.

२१ ऑक्टोबर

हात टेकले. बाजारामागे इस्मार नावाचा दुरुस्तीवाला आहे, त्याच्याकडे उद्या कॉम्प्युटरचा खोका घेऊन जाते. आपा म्हणतात, मीपण येणार. त्यांना कॉम्प्युटर एकटा पाठवायचा नाहीये.

२२ ऑक्टोबर

खोका दुलईत गुंडाळून, टॅक्सीत आपांनी मांडीवर घेऊन नेला. इस्मार दुंगान, पूर्वी चीनकडून आलेल्या मुसलमानांपैकी. दुकानात अश्ल्यांफूच्या गार शेवयांचा आंबट-तिखट वास, वाडगा अजून टेबलावरच. खुर्ची पुसून आपांना बसवलं, चहा दिला, मग खोक्याकडे वळला. बराच वेळ गुणगुणत होता. मध्येच थांबला.

"खात्याचं नाव कुणी बदललं?"

मी! गेल्या हिवाळ्यात कॉम्प्युटर माझ्याकडे आला. चालू केला की समोर सासऱ्यांचं नाव, आणि आत जायचं तर त्याच नावावर टिचकी मारायची — सुनेनं! उच्चारायचंही नाही ते नाव रोज बोटानं टोचायचं? लाज वाटायची. म्हणून व्हिडिओ बघून बघून ते बदललं, आतल्या कप्प्याचंसुद्धा. 'आके' करून टाकलं. किती शहाणी समजले स्वतःला!

"झालं तर मग," इस्मार म्हणाला. "तुम्ही दारावरची पाटी बदललीत आणि तुमचा खेळ जुनंच घर शोधत हिंडतोय. हरवलं काही नाही, खाला. सगळं आत आहे. जुनं नाव परत देतो. सांगा, काय होतं?"

मी फरशीकडे बघायला लागले.

"सासऱ्यांचं होतं."

"हो, पण काय?"

मी आपांकडे पाहिलं. तेव्हा त्याच्या लक्षात आलं. जन्म इथला, काराकोलचाच, आमच्या चालीरीती त्याला पाठ. डोकं खाजवून हसला. "मग लिहून द्या." पेन्सिल घेतली, पण हात उचलेना. कुणी हसेल तर हसो. कुबातचा फोन बंद, गोदामात पाळी असली की फोन काढून घेतात. इस्मार म्हणाला, आतून धुंडाळतो, पण ठेवून जावं लागेल, पुढच्या आठवड्यात या. आणि आमचं जेवण येत्या रविवारी!

आपांनी चहाचा वाडगा खाली ठेवला. उभ्या राहिल्या. डोक्यावरचा रुमाल सारखा केला. 'मुलांचे वडील', 'आमचे हे', 'घरचा माणूस' — चाळीस वर्षं एवढ्यावर भागवलेल्या बाईनं नवऱ्याचं नाव घेतलं. मोठ्यानं, अख्खं, वडिलांच्या नावासकट!

मग तोंडावर हात ठेवला. "रागावतील."

इस्मार टाइप करत होता. त्यानं मान वर केली नाही, भला माणूस.

"रागावू देत!" आपाच म्हणाल्या. "आवाज तरी ऐकू येईल."

मला ते नाव इथेही लिहवत नाही. पण कसं लागलं कानाला ते सांगते: नवं कोरं. घडी मोडून पहिल्यांदाच बाहेर काढलेल्या चादरीसारखं.

इस्मार म्हणाला, घरी नेऊन लावा, चालेल. पैसे घेईना. आपांनी सफरचंदांची पिशवी त्याच्या टेबलावर आपटली आणि दम दिला, तेव्हा ती घेतली.

२३ ऑक्टोबर

उघडलं. कुरण, ओढा, आणि दूर पाठमोरी एक करडी — घोडा नव्हे, घोडी. हेडफोनची वायर उपटली, हाकेचं बटण दाबलं. आके आधी खाकरले. मग त्यांनी हाक मारली. आपांच्या नावानं. त्यांच्या स्वतःच्या, खऱ्या नावानं, लांबवून, दोनदा.

घोडी वळली. आणि माझ्या शेजारून आपांनी ओ दिली.