उंबऱ्याबाहेरचे बूट

पणजी, ६ जानेवारी २०२५

ती. आजीस,
ऋतिकाचा सा. न. वि. वि.

फोन न करता पत्र लिहिते आहे. फोनवर मी नुसतं हं हं करते आणि कागदावर हं लिहिता येत नाही, असं तूच म्हणतेस. आई तुला हे वाचून दाखवेल. आई, मधलं काही गाळू नकोस.

गौरेशचं जहाज एप्रिलअखेर परत येतं. आला की साखरपुडा करायचा, असा त्याचा हट्ट आहे. पण त्याआधी त्याच्या आईने, सुलोचनाकाकींनी, मला डिचोलीला घरी बोलावलंय, येत्या एकोणीस तारखेला, रविवारी. आईच्या शब्दाबाहेर आपण जाणार नाही, हे गौरेशने मला आधीच सांगून ठेवलंय. म्हणजे सगळं त्या एका भेटीवर आहे.

आता खरी अडचण. माझी आई म्हणते साडी नेस. मी कपड्यांच्या दुकानात दिवसभर लोकांना कशाखाली काय शोभतं ते सांगते आणि स्वतः झग्याखाली बूट घालून हिंडते, हे अर्ध्या पणजीला ठाऊक आहे. एक दिवस साडी नेसायची आणि पुढे जन्मभर बूट घालायचे, ही फसवणूक नाही का? माझ्या मनात तो निळा, बारीक फुलांचा सुती झगा आहे आणि खाली तपकिरी चामड्याचे बूट, नाड्या बांधायचे, घोट्याच्या वर येणारे. तू सांगशील ते करीन. म्हणजे तू मला हवं तेच सांगशील, असं धरून चालले आहे.

तुझी लाडकी (दुसरी कोणी असेल तर कळव),
ऋतिका

*

पार्से, ११ जानेवारी २०२५

चि. ऋतिकास,
शेवंतीआजीचे पोटभर आशीर्वाद.

सांगते मी, लिहिते तुझी आई. मध्ये कुठे उसासे ऐकू आले तर ते तिचे. फसवणूक या शब्दावर ती एवढी खोकली की मी ती ओळ तिला पुन्हा वाचायला लावली.

मला अक्षर कळत नाही, पण काठ कळतो. चाळीस वर्षं भातलावणीला वाकले. लुगड्याचा काठ चिखलापासून किती वर खोचलाय, एवढ्यावरून बांधावरची माणसं बाई नेटकी की गबाळी ते ठरवायची. तर ऐक. बुटाचं तोंड आणि झग्याचा काठ यांच्यामध्ये चार बोटं पाय दिसू दे. नाहीतर बुटाचं तोंड झग्याखाली पुरतं लपू दे. दोन्ही एकमेकांना टेकले की बाई भोपळ्याला पाय फुटल्यासारखी दिसते. पातळ कापडाखाली दणकट बूट घालायला हरकत नाही, पण मग कमरेला पट्टा हवा, बुटाच्याच रंगाचा. नाहीतर वरची बाई एक आणि खालची दुसरी वाटते. तुझा तपकिरी रंग चालेल. काळा नको, पोलीस आल्यासारखं वाटेल.

हे सगळं कुठे शिकले विचारशील. मांद्र्याच्या किनाऱ्यावर कलिंगडं विकायला बसायची तेव्हा गोऱ्या बायका बघून. त्यातली एक भर उन्हात गुडघ्याएवढे बूट घालून यायची. आत पायांची उकड होत असेल, पण चालायची अशी की सगळ्या किनाऱ्याने वळून बघावं.

तुझ्या आईचं म्हणणं की पहिल्यांदा जाताना साडीच बरी. मी तिला विचारलं की तू पहिल्यांदा ह्या घरी आलीस तेव्हा साडीत पाय अडकून तुळशीला मिठी मारलीस, ते लिहायचं का. ती नको म्हणाली. तरी लिहिलंय, कारण सासूचं सांगणं चुकवणारी ती नव्हे.

तेव्हा बूट घालूनच जा, बाय. माया आहेच, वर थोडे काजूगर पाठवते.

तुझी आजी
शेवंती (सही म्हणून अंगठा उठवलाय, शाई सांडली ती तुझ्या आईने, मनीषाने)

*

पणजी, २१ जानेवारी २०२५

ती. आजीस,
सा. न. वि. वि.

आजी, सगळं बिघडलं.

चार बोटं मोजली, पट्टा बांधला. आरशात अशी दिसत होते की मीच माझ्यावर खूश. डिचोलीला रिक्षातून उतरले, पायऱ्यांपाशी आले आणि तिथे चपलांची रांग बघितली. तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला की मी सगळा विचार बुटांसकट केला होता, बुटांशिवायचा केलाच नव्हता. दुकानात मी उभी असते, फोटोत उभी असते. तिथे उंबरा येतो कुठे? पण आपल्याकडे कुणाच्या घरात बूट घालून शिरतात का?

आणि आतले मोजे! सकाळच्या घाईत एका पायात पिवळा, बदकांचा. दुसऱ्या पायात करडा, त्यातून अंगठा सगळ्या जगाला बघत होता. बुटात कोण बघतंय, असं म्हणून तसेच चढवले होते.

दारात सुलोचनाकाकी, मागे काका, त्यांच्या मागे शेजारच्या दोघी. मी बूट न काढता दाराबाहेरच, बाल्कांवातल्या सोप्याच्या दगडी बाकावर बसले. काकी तीनदा आत ये म्हणाल्या. मी तीनदा म्हटलं की इथे वारा छान आहे. वारा नव्हताच. त्यांनी पाणी आत मांडलं होतं, तेही नको म्हटलं. दहा मिनिटांत बस चुकेल असं सांगून उठले आणि पळाले.

तेव्हापासून त्यांचा फोन नाही. गौरेश समुद्रावर, बंदर येईपर्यंत त्याच्याशी बोलणं नाही. त्यांना बूट आवडले नसणार. आईचं ऐकायला हवं होतं. हे वाक्य आईने मोठ्याने वाचलं तरी चालेल.

तुझी,
ऋतिका

*

पार्से, २ फेब्रुवारी २०२५

चि. ऋतिकास,
आजीचे आशीर्वाद, आणि पाठीत एक धपाटा.

तुझं पत्र वाचताना बदकांपाशी मनीषा हसत सुटली आणि पाण्यापाशी तिने कागद खाली ठेवला. बाय गो, बुटांचं सोड. स्थळ म्हणून बोलावलेली मुलगी उंबरा न ओलांडता, पाण्याला न शिवता परत गेली, तर आपल्याकडे त्याचा अर्थ काय होतो? माझ्या बापाने इब्रामपूरच्या स्थळाला असंच नाही म्हटलं होतं, बाहेरच्या सोप्यावरून. एक शब्दसुद्धा खर्च केला नव्हता. तू त्यांच्या होकाराची वाट बघत बसलीस, आणि तिकडे ते तुझा नकार पचवत बसले.

हे फोनवर निस्तरण्यासारखं नव्हतं. शुक्रवारी तुझ्या बापाला, गोपाळला, म्हापशाच्या बाजाराला जाते म्हणून सांगितलं आणि म्हापशाहून डिचोलीची बस धरली. लुगडं जरीकाठी आणि खाली गोपाळचे शेतातले रबरी बूट. काठ चार बोटं वर, मी काही गबाळी नव्हे. कंडक्टरने विचारलं की आजी कोणाच्या शेतावर. मी म्हटलं, मुलगा बघायला.

पायऱ्यांपाशी सुलोचना आली, तोंड हे एवढं. मी तिला सांगितलं की मी ऋतिकाची आजी, आत यायची फार इच्छा आहे, पण हे बूट सोडत नाहीत, जरा ओढ. बिचारीला म्हाताऱ्या बाईला नाही म्हणवेना. तिने टाच धरली, मी सोपा धरला. बूट निघाला तो तिला घेऊनच. ती धपकन पायरीवर बसली आणि बघते तर काय, माझ्या एका पायात गोपाळचा लाल मोजा आणि दुसऱ्यात मनीषाचा, भोक पडलेला. तो मनीषाने आदल्या दिवशी कात्रीने तयार केला होता. मग मी तिला सांगितलं की तुझ्या होणाऱ्या सुनेलाही त्या दिवशी हाच आजार होता, म्हणून ती बाहेर बसली.

सुलोचना हसली, हसता हसता पदर डोळ्यांना लावला. मग खरं ते बोलली. अंगणात नवऱ्याचा ट्रक, सगळीकडे ग्रीस, पणजीच्या पोरीला असल्या घरात पाय टाकायची किळस आली असं तिला वाटलं होतं. तुझ्यासाठी चण्याच्या डाळीचं गोड मणगणं रांधलं होतं. ते कोणी खाल्लं नाही, गाईला घातलं. गौरेशला कळवायला निघाली होती की मुलीच्या मनात नाही, पण मन होईना. तुझे बूट तर तिला आवडले. असे आपल्या मापाचे मिळतील का, असं तिने मला दोनदा विचारलं.

पाणी प्याले, जेवले, पान खाल्लं. निघताना मी तिच्या चपला पायात सरकवल्या आणि बूट तिथेच विसरले. विसरले असं लोकांना सांगायचं. ती बूट घेऊन बसस्टॉपवर धावत आली, मी बसच्या जनेलातून टाटा केला. होणाऱ्या व्याह्यांच्या घरचे बूट काही कंडक्टरकडे देऊन पाठवता येत नाहीत. म्हणून दोघं नवराबायको नऊ तारखेला, रविवारी, स्वतः घेऊन येताहेत. तू शनिवारी संध्याकाळी ये. काय घालायचं ते तुझं तू बघ.

इकडे गोपाळ तीन दिवस बूट शोधतो आहे. आज शेजारच्या बाबलीवर आळ घेतला आणि बाबलीने सातेरीदेवीची शपथ घेतली. मी आणि तुझी आई खाली मान घालून जेवतो. मुलीचं स्थळ बुटांवरून जुळलं हे त्याला रविवारी पाहुण्यांसमोरच कळू दे. मग त्याला ओरडता येणार नाही.

माया ठेव. आणि बापाचा फोन आला तर नुसतं हं हं कर.

तुझी आजी
शेवंती