घरचंच समजून

टेंभुर्णी, ३ जानेवारी १९५८
बाळूची झोळी व्हरांड्यात बांधली अन् दवाखाना झाडला. पाणी भरलं, पट्ट्या धुतल्या. कागदावर मी अन् कौसाबाई अर्ध्या दिवसाच्या बाया. घरी जायला दिवे लागतात. कौ.बाई निजामाच्या वक्तापासून हितं हाये, तरी अर्धीच. कायम करा म्हणून दोघींनी सरकारवर दावा लावला. म्हंजे लावला तिनं, मी नुसती सही केली. पुढच्या हप्त्यात जालन्याच्या कोर्टात माझी जबानी.

७ जानेवारी
आमचे वकीलसाहेब म्हणले, इचारतील तितकंच बोल. कौ.बाई म्हणली, "पोरी, तिथं डॉक्टरसाहेबाकडं बघू नको. भिताडाकडं बघ. भिताड काई ओळखीचं न्हाई."

१० जानेवारी
काय करून बसले मी.
डॉ.साहेब समोरच बसल्ते. मला बघून हसले, हातानंच इचारलं, पोरगं कसं हाये. पावसाळ्यात बाळूला ताप आल्ता, तवा ह्यांनीच वाचवला त्याला. भिताड राह्यलं बाजूला. सरकारी वकील म्हणला, "दुपारी सुटी होते, मग संध्याकाळपर्यंत कशाला थांबतेस? डॉक्टरांचा हुकूम असतो?"
मी म्हणले, "न्हाई जी, हुकूम कशाचा. आपलं घरचंच समजून करते."
बोलतोच की आपुन असं. मोठ्या मानसापुढं दुसरं काय म्हणावं. पण जज्जानं ते बराबर उतरून घेतलं. आमच्या वकीलसाहेबानं डोळे मिटले, तवा कुठं समजलं मला, हुकूम न्हाई म्हंजे दावाच पडला. बाहेर बाळू रडून राह्यल्ता. पान्हा येऊन चोळी भिजली. पदर ओढून तशीच उभी. समद्यांसमोर.
बाहेर कौ.बाई मोठ्यानं, "घरचं म्हणे! मंग उचल दवाखाना अन् ने घरी. चुलीपाशी ठेव." लोकं हसले. ती न्हाई हसली. मोटारीत बाळूला तिनंच मांडीवर घेतलं.

१३ जानेवारी
डॉ.साहेबानं बोलवलं. "शहाणी आहेस. सरळ बोललीस." बाळूसाठी दुधाच्या भुकटीचा डबा दिला. मी घेतला.
का घेतला.
पदराखाली झाकून आणला, चोरीचा असल्यागत. हिरीवर कौ.बाईला दिसलाच. म्हणली, "पाज पोराला. त्याचा काय गुन्हा."
शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

१७ जानेवारी
वकीलसाहेबाचा निरोप. मला परत उभं करायची परवानगी मागून राह्यले. पण तिथं सांगावं लागल की थांबायचा हुकूम व्हता. डॉ.साहेबाच्या तोंडावर.
कौ.बाईला म्हणले, "मावशी, त्यांनी हुकूम कधी केलाच न्हाई. म्हणायचे, बाई, जरा थांबतेस का."
"अन् तू न्हाई म्हणली असती तर?"
मी बाळूचं झबलं नीट करत बसले.
"मला नको सांगू. तिथं सांग. माझं वय झालं, आता कोण ठिवतंय मला दुसरीकडं."
खरं हाये. माझ्या एका बोलण्यानं तिचं...

२२ जानेवारी
परवानगी मिळाली. उद्याच जायचं.
आज दुपारी काम उरकून निघाले. बाळू कडेवर. साहेब म्हणले, "बाई, पट्ट्या राहिल्यात. जरा थांबतेस का?"
तोंडातून निघून गेलं, "न्हाई म्हणले तर चालल का साहेब?"
साहेब बघतच राह्यले. "कोणी शिकवलं तुला हे?"
मी बाळूला खाली ठेवलं अन् पट्ट्या धुवायला बसले. शेजारी कौ.बाई पिळून राह्यली. तिनं समदं ऐकलं. माझ्या वाटच्या पट्ट्या वढून घेतल्या अर्ध्या.
सकाळी जालन्याची मोटार एकच. साहेब पण तिच्यातच.